कोर्टाने लावलेलं व्याज

आमच्या बाबांना पैसे मागता येत नाहीत. छापखाना आहे आमचा. बिलबुकं, पावत्या, असलं छापतो. गिऱ्हाईक काम घेऊन निघालं की बाबा दारापर्यंत जातात आणि म्हणतात, "पैशाचं बघू हो सावकाश."

गिऱ्हाईकं बाबांचं ऐकतात. फारच सावकाश बघतात.

त्यातले सगळ्यात आज्ञाधारक म्हणजे सोफावाले. मोठं दुकान, मोठ्या ऑर्डरी, सगळं उधार. त्यांच्यापायी कागदवाल्याचे पैसे तुंबले, म्हणून बाबांनी मामाकडून व्याजाने कर्ज काढलं. मामा आईचा सख्खा भाऊ, पण व्यवहारात तो कोणाचाच सख्खा नाही. तारण म्हणून त्याने कटिंग मशीन लिहून घेतलं. ते गेलं की छापखाना गेला. न कापलेली बिलबुकं कोण घेणार?

शेवटी आईने बाबांना दावा लावायला लावला.

वकीलबाईंनी सरळच सांगितलं, "नुसती मुद्दल मिळाली तर ती मामांच्या मुद्दलीत जाईल. त्यांचं व्याज भागवायचं तर कोर्टाने व्याज द्यायला हवं. नाहीतर मशीन विसरा."

"सोफावाल्यांकडून व्याज?" बाबा कसनुसे झाले. "कसं मागायचं हो?"

"तुम्ही नका मागू," आई म्हणाली. "या मागतील. तुम्ही फक्त तोंड बंद ठेवा."

कोर्टात सोफावाल्यांनी मुद्दल लगेच कबूल केली. अडलं व्याजावर. त्यांच्या वकिलाने बाबांना पिंजऱ्यात उभं केलं.

"तुमच्या बिलावर व्याजाची अट होती?"

"नाही."

"तोंडी कधी मागितलं?"

"छे छे! काहीतरीच काय!"

चोरीचा आळ यावा तसे दचकले. वकीलबाईंनी डोळे मिटले. मी कपाळाला हात लावला.

मग पिंजऱ्यात सोफावाले उभे राहिले. वकीलबाई उठल्या. "तुम्हीही उधार देता. तुमच्या बिलावर खाली काय छापलंय?"

सोफावाले खाकरले. "उशीर झाल्यास... दरसाल चोवीस टक्के. पण ते आपलं भीती दाखवायला."

"छापलं कोणी?"

"यांनीच."

बाबांना राहवेना. बसल्या जागेवरून ओरडले, "ठळक टाइपात घेतलंय साहेब! दोनदा प्रूफ दाखवलं होतं!"

न्यायाधीश हसू दाबत म्हणाले, "मग स्वतःच्या बिलावर का नाही छापलंत?"

"गिऱ्हाईक दुखावतं ना साहेब."

निकाल लागला. मुद्दल तर मिळालीच, शिवाय बिलं थकल्यापासून पैसे फिटेपर्यंत बारा टक्के व्याज. दुसऱ्याचा पैसा धंद्यात फिरवला तर त्याचं भाडं द्यावं लागतं, असं न्यायाधीश म्हणाले. आईने तिथेच बाकावर बसून मामाचा हिशोब बोटांवर केला. भागत होतं.

चारच दिवसांनी सोफावाले छापखान्यात आले. पाकिटात फक्त मुद्दल.

"व्याजाचं सोडून द्या ना," गोड आवाजात म्हणाले. "कोर्टकचेऱ्या येतात नि जातात. आपले घरोब्याचे संबंध."

बाबांचा चेहरा विरघळायला लागला. तो चेहरा मी ओळखतो. आई आतून आली आणि कटिंग मशीनला टेकून उभी राहिली.

"मला काय हो," बाबा म्हणाले, "मी आत्ता सोडलं असतं."

आईने मशीनचा दांडा घट्ट धरला.

"पण ते मी लावलेलं नाही ना. न्यायाधीशांनी लावलंय. एवढा मोठा माणूस, विचार करून आकडा काढला, आणि आपण परस्पर सोडून द्यायचा? काय वाटेल त्यांना?"

"अहो, त्यांना कोण सांगायला जातंय?"

"म्हणजे त्यांच्या पाठीमागे?" बाबा खरंच हबकले. "माझ्याशी किती चांगलं बोलले ते!"

सोफावाल्यांनी माझ्याकडे बघितलं. "तू तरी सांग रे यांना. आपलं व्याज आपल्याला सोडता येतं की नाही?"

येतं. वकीलबाईंनी मला बजावून सांगितलं होतं, कधीही सोडता येतं, वडिलांना सांभाळ.

"काका," मी म्हणालो, "मला कोर्टातलं काय कळतंय?"

आई छताकडे बघत होती.

सोफावाल्यांनी चेकबुक काढलं. बाबांना इतकं वाईट वाटलं की त्यांनी स्वतःचं पेन पुढे केलं.