शेपूटवाला योना

मित्रांनो, मी एक जुना, पिवळट पडलेला सेल्युलॉइडचा तुकडा आहे. न्यूयॉर्कमधल्या एका चित्रशाळेत माझा सारा जन्म गेला. तिथे बायबलातल्या गोष्टींची हलती मूकचित्रं बनायची, तीही पोट धरून हसवणारी. माझ्यासारख्या पारदर्शक तुकड्यांवर एकेक चित्र रंगवायचं, कॅमेऱ्याखाली ठेवायचं आणि मग धुऊन पुढच्या गोष्टीला वापरायचं, ही तिथली रीत. त्यामुळे मला स्वस्थता कशी ती ठाऊकच नाही. सोमवारी मी आदामाचं सफरचंद, तर गुरुवारी नोहाच्या तारवातला शिंकणारा जिराफ! मी कोण, हे कळेपर्यंत ओलं फडकं येऊन थडकायचं.

धुण्याचं काम रोझिना कापुतोकडे होतं. तिचे वडील गोदीत जायबंदी झालेले, सगळं घर तिच्या पगारावर. एकदा घाईत माझ्यावरच्या सैतानाचं शेपूट तिच्याकडून पुसायचं राहिलं आणि त्यावरच योना हा देवाचा संदेष्टा रंगवला गेला. माशाने गिळून पुन्हा ओकून टाकलेला योना वाळूवर पालथा पडतो, हलत नाही. म्हणून तिथे माझं एकट्याचंच चित्र पडद्यावर बराच वेळ राहिलं. संदेष्ट्याला चक्क शेपूट!

पहिला खेळ धुण्याच्या खोलीतच चादर टांगून झाला. मी रोझिनाच्या मांडीवर, धुवायच्या गठ्ठ्यात होतो. फादर गॅलहर मुद्दाम आले होते. त्यांनी मान डोलावली तरच चित्र चर्चच्या सभागृहात लागणार होतं.

शेपूट दिसताच मालक ब्रॅनिगन खेकसले, "रोझिना, डोळे गहाण टाकलेस काय? उद्यापासून येऊ नकोस!"

"साहेब, असं नका हो करू. घरी पाच तोंडं आहेत खाणारी."

एवढ्यात फादर खो खो हसत सुटले.

"अहो ब्रॅनिगन, देवाने एकीकडे धाडला तर हा पळाला भलतीकडे. मग शेपूट नाही तर काय पंख फुटणार? राहू द्या तसंच!"

"मुद्दामच घातलंय ते, फादर," मालकांनी लगेच सूर बदलला. "रोझिना, बघत काय बसलीस? लाग कामाला!"

नोकरी वाचली! तिच्याइतकाच आनंद मला झाला. तिने मला घट्ट छातीशी धरलं, डोळे पुसले आणि ओलं फडकं उचललं. या वेळी तिने योनासकट शेपूटही अगदी घासून घासून पुसलं.

मित्रांनो, हाती एखादं चित्र आलं तर पुसण्याआधी घटकाभर राहू द्या. मला अजून योनाच राहायचं होतं.