काकूच्या गाठीवरचं वारं

मुखेडच्या बाजारामागचा मंडप गच्च भरला होता. स्पर्शनाथ महाराज ओल्या तळव्यांनी रोग्याला धरत, रोगी थरथरून "आलं, आलं!" ओरडे आणि लोक हात जोडत.

माझी काकू केवळाबाई तिथे रोज जाऊन बसे. तिच्या काखेजवळ कॅन्सरची गाठ होती. नांदेडला ऑपरेशन ठरलेलं, पण ती गेलीच नाही.

"सुई न्हाई, चिरफाड न्हाई," महाराज सुरात सांगत. "देव गाठीचं पाणी करतो! डॉक्टरकडं गेलात की देव रुसला!"

डॉक्टरच्या पायरीला भिणारा असा हा देव! माझं डोकं फिरायचं.

पण काकूला सांगणार कोण? नवरात्रात तिच्या अंगात देवीचं वारं यायचं, तेव्हा महाराजांच्या हातानं गाठीवर उठत तशाच झिणझिण्या उठत. "वळखीचं वारं हाय रं," ती म्हणे. "दुखणं बी थांबलं." दुखणं खरंच थांबायचं आणि मला त्याचीच धास्ती वाटे. तिच्या लुगड्याला आता कुबट वास येत होता.

शेवटी मी नांदेडहून डॉ. गौसियांना दवाखान्याच्या गाडीतून आणलं. त्या कॅन्सरच्या वेदनांवर उपचार करतात. त्या मुकाट्याने रांगेत बसल्या. महाराजांनी मनगटं धरताच त्यांनी झटकन महाराजांच्या बाह्या वर सारल्या. तळव्यांवर कातडीच्या रंगाच्या पट्ट्या, त्यांतून निघालेल्या बारीक वायरी, कमरेला बॅटरीची डबी!

"पाखंडी!" मन्मथ नावाचा भक्त धावून आला. डॉक्टरबाईंनी पिशवीतून तशीच डबी काढली. "हात द्या." त्याच्या हाताला पट्ट्या चिकटवून बटण दाबलं.

"अगं माय! तेच वारं!" मन्मथ किंचाळला.

"मग माझ्यातही देव आला का?" बाई म्हणाल्या. "हे विजेचं यंत्र वाईट नाही. मीही वापरते, पण रोगी तपासून. वाढत्या गाठीवर कधीच लावत नाही. यानं थोडा वेळ दुखणं दबतं, कॅन्सर बरा होत नाही."

बाईंनी काकूला कनातीआड नेऊन तपासलं. गाठ फुटली होती.

"दुखत न्हवतं की," काकू पुटपुटली. "मग वाढली कशी?"

"दुखणं झाकलं होतं, मावशी. गाठ आत वाढतच होती. आता ऑपरेशन जमेल का, ते तपासूनच सांगता येईल."

काकू पदर सावरून कनातीतून निघाली. बाहेर रांगेतली तारामती गळ्यावरच्या गाठीला पदर लावून उभी होती. "महाराज उद्या बसणार न्हवं?" तिनं विचारलं.

काकूनं तिचा हात धरला. "दुखणं थांबलं म्हंजी रोग गेला न्हाई, माय. माझ्याकडं बघ. चल, माझ्यासंगं दवाखान्याच्या गाडीत बस."