आलोच

शपथ घेऊन सांगते, यातला शब्द न् शब्द खरा आहे. खोटं बोलत असेन तर उरलेले चार दातही आत्ताच्या आत्ता पडोत, आणि माझ्या वयाला चार दात म्हणजे चैन आहे, हे ध्यानात घ्या. लोक म्हणतात, म्हातारी तिखटमीठ लावते. लावत असेल. आज नाही. आज मिठाची बरणी फळीवर उंच ठेवून दिलीय, माझा हातसुद्धा पोचत नाही.

तर एक मुलगी होती, पंधरा-सोळाची. घरात तिला सगळे ठिणगी म्हणायचे. बाप धारवाला. सायकल स्टँडवर उभी करायची, चाकाला पट्टा, पट्ट्याला धारेचा दगड. पॅडल मारलं की दगड गरगरायचा, त्यावर पातं टेकवलं की ठिणग्यांचा फवारा. ही पोर लहानपणी त्या फवाऱ्यासमोर टाळ्या पिटत बसायची. एकदा झगा जाळून घेतला आणि नाव पडलं ते पडलंच.

बापाची धार अशी, की टोमॅटो कापला तरी बराच वेळ त्याला पत्ता लागायचा नाही. आपला गोल बसून राहायचा. एका शिंप्याने धार लावलेली कात्री दुकानात नुसती उघडून मिटली, तर समोरच्या गिऱ्हाइकाचं बोलणं मध्येच तुटलं. बिचारा उरलेलं वाक्य दुसऱ्या दिवशी येऊन सांगून गेला.

पण दगडाची धूळ बापाच्या घशात बसली. आवाज असा बसला की गल्लीत ओरडला तर मांजरही मान वळवेना. मग ठिणगीच्या दादाने सायकल हातात घेतली. विशीतला पोरगा, लांब टांगांचा, कशाची म्हणून घाई नाही. ओरडायची लाज वाटायची त्याला, म्हणून एक जुना भोंगा आणला. त्यात एकदा बोलून ठेवायचं, बटण दाबलं की तो तेच बोलत राहतो, तसला.

आवाज भरायला दादा मोरीत जाऊन बसला. म्हणे तिथे घुमतो चांगला. ठिणगी दाराशी पहाऱ्याला.

"चाकू, सुरी, कात्रीला धाऽऽर," दादाने सूर लावला. "बोथट पातं, नवं करून घ्याऽऽ..."

तेवढ्यात स्वयंपाकघरातून आई ओरडली, "अरे ये की, निवतंय सगळं."

आणि हा सवयीने बोलून गेला, "आलोच."

बटण बंद. झालं. भोंग्यात सगळं गेलं. लांबून आईची हाक, जवळून याचं आलोच.

"पुन्हा भर," ठिणगी हसून हसून भिंतीला टेकली होती.

"जेवून भरतो."

कुठलं जेवून आणि कुठलं काय. तसाच घेऊन गेला गावभर. लोकांना तो प्रकार फार आवडला. "चाकू, सुरी, कात्रीला धाऽऽर... अरे ये की, निवतंय सगळं... आलोच." पोरं खिडकीतून ओरडायची, "जा की रे, जेव आधी." बायका सुऱ्या घेऊन हसत खाली यायच्या. आई म्हणायची, "माझी अब्रू चव्हाट्यावर मांडलीस. सगळ्यांना कळलं की आपल्याकडे जेवण निवतं." आणि भोंगा गल्लीत शिरला की पदर सावरून दारात येऊन उभी राहायची, आपलाच आवाज ऐकायला.

हा शब्द मोठा लबाड आहे बरं का. आलो म्हणायचं तर माणूस आलेला पाहिजे. आणि म्हणणारा अजून एक चप्पल शोधत असतो. दादाचं आलोच तर त्यातही वरताण. एकदा आईने हाक मारली, हा आलोच म्हणाला आणि आला तोवर शेजारणीचं लग्न जमून मोडलं होतं.

आता वरच्या वस्तीचं सांगते. ही माणसं राहायची खाली, उतारावर. रंगाने काळी, पुष्कळ उन्हं खाल्लेली. आजे-पणजे कुठून कुठून कामाला आले आणि राहिले. वर राहायचे ते गोरे. त्यांच्या सुऱ्यांनाही धार लागायचीच, सुरी काही रंग बघून बोथट होत नाही. पण वरच्या बायका सुरी द्यायच्या ती कट्ट्यावर ठेवून, दोन पावलं मागे सरून. त्यांचीच सुरी, पण ती या काळ्या हातात गेली की त्यांना भीती वाटायची.

म्हणून बापाने दोन्ही पोरांना पढवून ठेवलं होतं. वर गेलं की मोठ्याने हसायचं नाही. हात खिशात घालायचे नाहीत. पोलिसाने विचारलं तर साहेब म्हणायचं, खरं सांगायचं. आणि पातं कधीही कुणाच्या हातात द्यायचं तर मूठ पुढे. टोक आपल्या पोटाकडे, मूठ समोरच्याकडे. ही धारवाल्यांची रीत. ठिणगी तर घरात पेन्सिलसुद्धा अशीच द्यायची.

एका दुपारी दादा वरच्या वस्तीत धार लावलेल्या सुऱ्या घरोघर परत करत होता. खांद्याला पिशवी, सायकलवर भोंगा चालू. दोन पोलीस आडवे आले.

"पिशवीत काय आहे?"

"सुऱ्या, साहेब."

आता धारवाल्याच्या पिशवीत सुऱ्या नसतील तर काय फुगे असतील? पण त्यांनी फक्त रंग पाहिला आणि शब्द ऐकला.

"दाखव."

दादाने एक सुरी काढली. टोक आपल्या पोटाकडे धरलं आणि मूठ पुढे केली, बापाने शिकवल्यासारखी. समोरच्या घरात भांडी घासणाऱ्या बाईने खिडकीतून पाहिलं, म्हणून कळलं. पोलीस ओरडले की याने चाकू काढला. मग काठ्या, मग बूट. तो खाली पडल्यावरही. सगळ्या गल्लीने पडदे ओढून घेतले. सायकल कलंडली होती आणि भोंगा चालूच होता. अरे ये की, निवतंय सगळं. आलोच. अरे ये की. आलोच. शेवटी एकाने लाथ मारून तो बंद केला.

दवाखान्यात पोचेपर्यंत दादा गेला होता. पोलिसांनी सांगितलं, पळत होता, पळताना पायरीवरून पडला. सायकल आणि भोंगा पुरावा म्हणून ठाण्यात नेला.

त्यानंतरच्या घराबद्दल काय सांगू. बाप दगड नसलेल्या हातांकडे बघत बसायचा. गल्लीत भंगारवाल्याचा भोंगा शिरला तरी आई ताडकन उठायची, दारापर्यंत जायची आणि तिथून केर काढायला आल्यासारखी झाडू घेऊन परत यायची.

ठिणगीचं दुःख आणखी वेगळं होतं, ते तिने कुणाला सांगितलं नाही. दादाचा आवाज तिच्या डोक्यातून निघून चालला होता. शब्द आठवायचे. "ठिणगे, जरा सरक." "ठिणगे, माझा टॉवेल." पण आवाज भंगारवाल्याचा यायचा. तिने त्याचा मोबाईल उलटापालटा केला. लबाडाने कधी कुणाला बोलून काही पाठवलंच नव्हतं. सगळ्यांना एकच उत्तर टाईप केलेलं, हं. फोटो होते ढीगभर. फोटोत तो हसायचा, पण फोटो आवाज करत नाही. जगात त्याचा आवाज एकाच ठिकाणी उरला होता, ठाण्यातल्या त्या भोंग्यात.

आणि एक दिवस ठाण्यातून निरोप आला. येऊन जबाबावर सही करा, पोरगा पळताना पडला, आमची कुणाबद्दल तक्रार नाही. मग सायकल न्या, सामान न्या, प्रकरण मिटलं.

संध्याकाळी घरात त्यावरून जुंपली.

"मी करणार सही," आई म्हणाली.

"खोट्यावर?" बापाचा आवाज आधीच बसलेला, आता नुसती खरखर. "पोरगं मारलं त्यांनी."

"मला माहीत नाही होय? सही केली नाही तर जिवंत होणार आहे का?"

"अगं, उद्या आणखी कुणाचं..."

"तुम्ही बाप आहात, तुम्हाला खरं पुरतं. मला नाही पुरत. मला तो बोललेला ऐकायचाय."

बाप ठिणगीकडे बघायला लागला. तिने काहीतरी म्हणावं अशी त्याची इच्छा होती. ती खाली बघत राहिली. शाळेत जिने फळ्यासमोर उभं राहून न्यायावर भाषण ठोकलं होतं, तीच ही. आणि मनातून ती आईच्या बाजूची होती. एकदा ऐकायला मिळू दे, मग खरं-खोटं गेलं खड्ड्यात, असंच वाटत होतं तिला. त्याची लाजही वाटत होती.

दुसऱ्या दिवशी मायलेकी ठाण्यात गेल्या. टेबलाशी एक मिशीवाला होता. बसा म्हणाला नाही, पण पंखा यांच्याकडे फिरवला. तेवढं त्याच्या नावावर जमा करा. बाकी पाच-सहा पोलीस इकडे तिकडे. एक डबा खात होता, एक बूट पुसत होता, दोघं कुणाच्या तरी बदलीवरून हसत होते.

"हे बघा बाई, मलाही पोरं आहेत," मिशीवाला म्हणाला.

"सुखी राहोत," आई म्हणाली.

त्याने कागद पुढे सरकवला, पेन दिलं. आईने पेन घेतलं. ठिणगी मागच्या फडताळाकडे बघत होती. तिथे भोंगा होता. एका बाजूने चेपलेला, कडेला दादाने गुंडाळलेली निळी चिकटपट्टी तशीच.

"चालतो का तो?" तिने विचारलं.

"न चालायला काय झालं? बघ." मिशीवाल्याने तो खाली घेतला आणि बटण दाबलं.

"चाकू, सुरी, कात्रीला धाऽऽर..."

तो आवाज. जाड, जरासा झोपेतला, शेवटच्या अक्षरावर रेंगाळणारा. भंगारवाल्याचा तर अजिबात नव्हे. ठिणगीने टेबलाची कड धरली. "अरे ये की, निवतंय सगळं," लांबून आई म्हणाली, भोंग्यातली, मोठ्या आवाजाची, हसऱ्या रागाची आई, आणि ही बाहेरची आई पेन धरून उभी होती. मग अगदी जवळून, टेबलावरूनच जणू, दादा म्हणाला, "आलोच."

ठाण्यातल्या सगळ्यांनी दाराकडे पाहिलं. डबा खाणाऱ्याचा घास हातात राहिला, बूट पुसणाऱ्याचं फडकं थांबलं. हसणारे दोघं गप्प झाले. दारात कुणी नव्हतं.

आईने पेन टेबलावर ठेवलं. मूठ... नाही, टोपण पुढे करून ठेवलं, नीट.

"काय झालं बाई?"

"यात लिहिलंय तो पळाला."

"पळालाच की. पळताना पडला."

"ऐकलंत ना आत्ता? असं आलोच म्हणायचा आणि मी वाढलेलं ताट झाकून पुन्हा वाढायची. पाऊस आला तरी हा चालत यायचा. कुत्रं मागे लागलं तर उभं राहून त्याच्याशी बोलायचा. नऊ महिने झाले तरी बाहेर यायला तयार नव्हता, डॉक्टरीण वैतागली. माझ्या हाकेला जो जन्मात कधी पळत आला नाही, तो तुमच्या हाकेला पळाला?"

"बाई, भीतीने माणूस..."

"उभा राहिला असेल तो. साहेब म्हणाला असेल. तुम्ही म्हणाल ते दाखवलं असेल. सगळं खोटं मी गिळलं असतं, खरंच गिळलं असतं, त्यासाठीच आले होते. पण हा पळाला असं मी कसं लिहून देऊ? मग तो कुणा दुसऱ्याच बाईचा पोरगा होईल."

मिशीवाल्याने भोंगा आपल्याकडे ओढला. मग म्हणाला, "मग हा इथेच राहील."

"राहू दे."

ठिणगीला वाटलं, आईचा हात धरावा आणि ओरडावं, कर गं सही, कर. ते शब्द दातांपर्यंत आले होते. पण आई वळली होती, आणि ती आईच्या मागे निघाली. पायरी उतरताना तिने मागे वळून पाहिलं. मिशीवाला भोंगा पुन्हा फडताळावर ठेवत होता, दोन्ही हातांनी.

रस्त्यावर आई झपझप चालायला लागली. बऱ्याच वेळाने विचारलं, "नीट ऐकलास?"

"हो."

"मग म्हणून दाखव."

"इथे?"

"इथेच. घरी पोचेपर्यंत जाईल तो डोक्यातून."

ठिणगी म्हणाली, "आलोच."

"छे. ही तर तू आलीस. जाड आवाज काढ."

"आलोच."

"त्यातला लो जरा लांबव. जागा झालाय पण उठायचं नाही, अशा आवाजात."

"आलोऽच."

"हं. जवळ आलीस. पुन्हा."

उतारावरून मायलेकी चालल्यात. एक म्हणतेय आलोच, दुसरी म्हणतेय नाही, पुन्हा. येणारे-जाणारे बघतायत. एका भाजीवाल्याने तर विचारलंही, कोण बोलावतंय तुम्हाला? घर येईपर्यंत काही जमलं नाही. दारात बाप उभा होता. त्याने दोघींच्या रिकाम्या हातांकडे पाहिलं आणि आत जाऊन तीन ताटं घेतली. सही झाली नाही म्हणून केस उभी राहिली, ती अजून चालू आहे. भांडी घासणारी बाई काम गेलं तरी कोर्टात जाऊन खिडकीतलं सगळं सांगून आली. भोंगा ठाण्यातच आहे. आणि उतारावरच्या त्या घरात जेवायला हाक मारली की ठिणगी येते म्हणते, आले म्हणते. तो तिसरा शब्द फक्त आईने मागितला तरच काढते.

आता दातांची शपथ घेतलीय, तेव्हा एक सांगून टाकते, नाहीतर उद्या भाकरी कशाने चावू. ठाण्यातल्या सगळ्यांनी दाराकडे पाहिलं, ते मी घातलं. कुणी पाहिलं नाही. डबा खाणारा खातच राहिला, ते दोघं हसतच राहिले. मला आपलं वाटलं, पाहायला हवं होतं त्यांनी, म्हणून पाहायला लावलं. दाराकडे पाहिलं ते एकट्या ठिणगीने. आईनेही नाही. तिला पक्कं ठाऊक होतं, आलोच म्हणालाय ना, म्हणजे इतक्यात काही येत नाही.