शारदेचं इरलं

ताम्हिणीच्या माळावर सकाळीच माणसांची रांग लागली होती. सूसहून गाड्या आल्या होत्या, हिंजवडीची आयटीतली पोरं बाइकवर आली होती, गावातले लोक चालत आले होते. सगळ्यांना त्रिकाळबाबाचं काळचक्र बघायचं होतं. पाऊस सरला की कोकणाकडची दरी सकाळी धुक्याने भरते. त्या धुक्यावर रंगीत गोल चक्र उमटतं, त्याच्या आत काळ मागे फिरतो आणि गेलेलं माणूस होतं तसं उभं राहतं, असं बाबा सांगायचा. ज्यांनी पाहिलं ते रडतच परत यायचे.

"काळ म्हणजे एनर्जी, बाळांनो," बाबा माइकवरून गोड आवाजात बोलत होता. "आणि एनर्जीला रिव्हर्स गियर असतो. शास्त्रज्ञ अजून शोधताहेत. मला सापडला."

आयटीतली पोरं माना डोलावत होती.

नियम कडक होते. मोबाइल पेटीत टाकायचा. मनगटी घड्याळ पाटावरच्या तांब्याच्या परातीत ठेवायचं. ठेवलं की काटा थांबायचा आणि रांगेतले लोक हात जोडायचे. मग गेलेल्या माणसाचं काहीतरी डोक्यावरून घेऊन एकट्यानेच दरीच्या टोकावर जायचं. तिथे गप्प उभं राहायचं. हललं की काळ विस्कटतो. हात तर मुळीच वर करायचा नाही.

रांगेतल्या एकनाथच्या हातात त्याच्या बायकोचं, शारदेचं इरलं होतं. बांबूच्या कामट्या आणि पानांचं, डोक्यापासून कमरेपर्यंत झाकणारं. बाकीच्या बायका भात लावताना आता प्लास्टिक पांघरायच्या, शारदेने मात्र इरलं सोडलं नाही. ती गेली आणि ते खुंटीला तसंच राहिलं. मागच्या खेपेला एकनाथने ते घेऊन चक्रात पाहिलं होतं, तर धुक्यात इरलं घेतलेली बाई उभी. दुसरी कोण असणार? तेव्हापासून त्याला घास उतरत नव्हता. बाबा म्हणाला होता, चक्र म्हणजे दार आहे. दार असेल तर आत जाता येतं, एवढा साधा विचार एकनाथने केला होता.

निघताना त्याने म्हैस भावाच्या गोठ्यात नेऊन बांधली आणि घराची किल्ली लेकीच्या, जुईलीच्या हातात दिली. "आईकडं जातुया," म्हणाला. दहावीतली ती पोर किल्ली मुठीत धरून तशीच विज्ञान शिकवणाऱ्या बद्रुन्निसा मॅडमच्या दारात गेली. मॅडमनी हातातला चहा ठेवला आणि स्कूटर काढली.

दोघी माळावर पोचल्या तेव्हा एकनाथ इरलं घेऊन टोकावर उभा होता. पाठीमागून ऊन आलं होतं, समोर रंगीत चक्र उमटलं होतं आणि त्यात शारदा होती. त्याने एक पाऊल पुढे टाकलं. पायाखालची माती सुटून धुक्यात गेली, तिचा आवाजही आला नाही.

बाबाच्या ते ध्यानात आलं. त्याच्या तोंडची गोड भाषा पार उडाली.

"आरं ए, मागं हो! खाली दरी हाय, तितं दुसरं काय बी न्हाई!"

माइक चालूच होता. रांगेतल्या प्रत्येकाने ते ऐकलं. एकनाथने मात्र नजर हलवली नाही.

जुईली पुढे धावली. मॅडमनी तिला धरलं. कुणी झडप घातली असती तर दोघंही खाली गेली असती. मॅडम हळू आवाजात म्हणाल्या, "एकनाथभाऊ, शारदाबाईंचा उजवा हात वर जात होता का हो?"

तो थबकला. बांधावरून पडल्यापासून तिचा तो हात खांद्याच्या वर जात नव्हता. तिची वेणीसुद्धा जुईलीच घालायची.

"न्हाई," तो म्हणाला.

"मग तुमचा उजवा हात वर करा. आणि ती काय करते ते बघा."

त्याने डाव्या हाताने इरलं सावरलं. मग त्याने हात वर केला. धुक्यातल्या बाईनेही उजवा हात सरळ आभाळाकडे नेला. एकनाथने हात खाली घेतला, तिनेही घेतला. तो मटकन खाली बसला, चक्रातली बाईही बसली. जुईलीने त्याच्या बगलेत हात घालून त्याला मागे ओढलं.

मग मॅडमनी रांगेला समजावलं. सूर्य पाठीशी, धुकं समोर, म्हणजे धुक्यावर आपलीच सावली पडते. थेंबांवरून परतलेल्या उजेडाचं रंगीत कडं त्या सावलीच्या डोक्याभोवती दिसतं. डोंगर फिरणारे लोक याला इंद्रवज्र म्हणतात. बाईचं इरलं घेतलं की सावली बाईची दिसते, बापाचा फेटा घातला की बापाची. म्हणून तर हलायची मनाई. एका म्हाताऱ्याने परातीखालचा पाट उलटा केला, तर त्याला जुन्या स्पीकरचं चुंबक चिकटवलेलं. सेलवरची घड्याळं त्यानेच थांबत होती. जीपकडे सटकणाऱ्या बाबाला लोकांनी अडवलं आणि पौडला पोलिसांकडे नेलं.

एकनाथ इरलं मांडीवर घेऊन रडत होता. "ती न्हवतीच व्हय गं?" त्याने विचारलं.

"न्हाई आबा," जुईली म्हणाली. "पर मी हाय की." आणि तिने किल्ली त्याच्या हातात परत दिली.

गेलेलं माणूस परत येत नाही. ज्याचं गेलंय त्याला हे मान्य करायला फार जड जातं, आणि भोंदू नेमका तिथेच दुकान मांडतो. म्हणून एवढंच सांगणं आहे: हलू नका, विचारू नका, हात वर करू नका असं कुणी म्हणालं, की त्याच्यासमोर आधी हात वर करून बघा.