निवडून आणलेलं सॅम्पल

आमसुलाची एक पाकळी तिनं चिमट्यानं उचलली, खिडकीसमोर धरली, आणि कडेकडेनं काळपट लाल होत आत येणारा उजेड बघत ती तशीच उभी राहिली — मीठ कुठं फुटलेलं नाही, देठाचा तुकडा नाही, बुरशीचा ठिपका नाही, रसाची सात पुटं दिल्याशिवाय असा रंग चढत नाही... पांढऱ्या ट्रेमध्ये अशा पन्नासेक पाकळ्या मांडलेल्या होत्या आणि त्यांतली एकही डावी नव्हती. हाच दोष होता. निवडून आणलेलं सॅम्पल. गेली नऊ वर्षं दर्शना हे येईल त्या बागायतदाराला समजावत आली होती, की सॅम्पल म्हणजे नमुना खरा, पण मिरवायचा नमुना नव्हे. पोत्यात डोळे मिटून हात घालायचा, मुठीत येईल ते आणायचं, चांगलं-वाईट जसं असेल तसं, कारण आम्हाला मूठ बघायची नसते, पोतं बघायचं असतं. लोक माना डोलवायचे आणि पुढच्या खेपेला पुन्हा निवडूनच आणायचे. परक्याच्या हातात खराब कसं ठेवायचं, हे त्यांचं साधं म्हणणं, आणि त्यावर नऊ वर्षांत तिला उत्तर सापडलेलं नव्हतं.

वहीत पार्टीचं नाव लिहून झालं होतं. हरिश्चंद्र, पूर्णगड. शेऱ्याचा रकाना दुपारचे तीन वाजले तरी कोराच होता. पार्टी... एरवी हा शब्द लिहिताना तिचा हात कधी अडखळला नव्हता. माल देणारा तो पार्टी, माल घेणारा तो पार्टी. जन्म देणारा कोण, याला या वहीत रकाना नव्हता.

लग्नानंतर आडनाव बदललेलं, त्यामुळे वही चाळणाऱ्या कुणालाही काही कळणार नव्हतं. ही सोय तिच्या मनात आधी आली, आणि लाज तिच्या मागून आली. निदान लाज आधी यायला हवी होती.

साडेअकराला तिनं आधी आवाज ओळखला होता. अप्पांची तीस वर्षं बोटीवर इंजिनरूममध्ये गेलेली, उजवा कान तिथंच राहिला, आणि बोलणं कायमचं वरच्या पट्टीत जाऊन बसलं. घरी ते मीठ मागायला लागले तरी शेजारची माणसं खिडकीत यायची. मिरजोळ्याच्या या कंपनीत मात्र सगळी हळू बोलतात. काचेची दारं, थंड हवा, पायपुसण्यावर सुद्धा कंपनीचं नाव. त्या थंड हवेत तो आवाज वॉचमनला सांगत होता, की आमसुलाची सोलं ऊन बघून वाळवायची, आणि एक पुट चुकलं तर सगळं चुकलं. तिनं काचेतून बघितलं. घोट्याच्या वर दुमडलेली पँट, कुठल्याशा बोटीवर फुकट मिळालेली उडालेल्या निळ्या रंगाची टोपी — त्यांच्या मते ती बाहेर जायची टोपी — आणि मांडीवर दोन्ही हातांनी धरलेली, सुतळीनं चार ठिकाणी आवळलेली पिशवी.

ते यायचेच नव्हते. म्हणजे, तिनं येऊ दिलं नव्हतं. दोन वर्षं ते विचारत होते, बाय, तुझ्या कंपनीत आपली सोलं चालतील काय गो, आणि दोन वर्षं ती म्हणत होती, बघू. शेवटी, पाठवा पाव किलो सॅम्पल, पण कुणाच्या तरी हाती पाठवा, तुम्ही एसटीनं उन्हातान्हाचे येऊ नका. उन्हातान्हाचे! केवढी काळजी.

शुभंकर तेव्हा तिच्या टेबलाशी चहा घेऊन उभा होता. तीन महिन्यांपूर्वी पुण्याहून आलेला मॅनेजर, वयानं तिच्याहून लहान, स्वभावानं सरळ. त्यानं आवाजाच्या दिशेनं बघत विचारलं, "कोण आलंय हो?"

"कोणी नाही," ती म्हणाली. "एक सॅम्पल आहे."

शुभंकर हसला. हसणारच, कारण हा विनोद तिचाच होता आणि इथं तो चांगला रुळला होता. तऱ्हेवाईक बागायतदार आला की दर्शना म्हणायची, आज दोन सॅम्पल आली, एक पिशवीत आणि एक खुर्चीत. सगळे हसायचे, आणि आपण इथल्याच आहोत असं तिला वाटायचं. तेव्हा जीभ घसरली असं म्हणायचीही सोय नव्हती. जीभ नेहमीच्या वाटेनंच गेली. मी म्हणाले. दुसरं कुणी म्हणालं नाही, मीच म्हणाले, आणि म्हणताना मला क्षणभर हलकं वाटलं.

दार अर्धं उघडं होतं.

ती बाहेर गेली तेव्हा अप्पा उठून उभे राहिले. मुलीसाठी ते आयुष्यात कधी उठून उभे राहिले नव्हते. आणि मग, ज्या माणसाला हळू बोलता येत नाही अशी सगळ्या पूर्णगडची खात्री होती, तो माणूस हळू आवाजात म्हणाला, "नमस्कार मॅडम. सॅम्पल आणलंय."

"बसा," ती म्हणाली. "किती आहे?"

"दोन किलो हाय."

"पाव किलो पुरे होतं."

"एवढंसं कसं आणायचं, मॅडम? बरं दिसत नाय ते." त्यांनी पिशवी पुढं केली. "एकूण एक निवडून घेतलंय. बायको आणि मी, दोघं बसलो हुतो."

बायको. म्हणजे आई. म्हणजे आईचे ते बोटांची टोकं काळी पडलेले हात... दर्शनानं पोचपावती फाडून दिली. त्यांनी ती घडी घालून खिशात ठेवली, वरून एकदा चाचपली, आणि विचारलं, "येऊ मग?" आठच्या एसटीनं निघालेल्या माणसाला तिनं पाणी विचारलं नाही. पाणी इथं कुणालाही विचारतात. वॉचमन विचारतो. तिनं एवढ्यासाठी विचारलं नाही, की पाणी पिताना ते टोपी काढतील, आणि टोपी काढल्यावर त्यांचं कपाळ हुबेहूब तिच्या कपाळासारखं दिसतं.

ट्रेमधल्या पाकळ्या तिनं पुन्हा एकदा सारख्या केल्या. त्या आधीच सारख्या होत्या.

ऐकलं असेल का? सकाळपासून सगळं येऊन याच एका प्रश्नाशी थांबत होतं. खुर्ची दाराच्या डाव्या अंगाला. त्यांचं तोंड वॉचमनकडे, म्हणजे दाराकडे कान कुठला, उजवा... उजवा म्हणजे बहिरा. पण मधेच ते भिंतीवरचा फळांचा तक्ता बघायला वळले होते. तिनं स्वतः पाहिलं होतं वळलेलं. ते त्या वाक्याच्या आधी की नंतर? चहाचा कप शुभंकरच्या हातात होता की टेबलावर? आणि ऐकलं असलं तरी काय बिघडलं, सॅम्पल म्हणजे सॅम्पलच की, मालाचा नमुना. कंपनीत आणलेल्या पिशवीला सगळं जग सॅम्पलच म्हणतं, त्यांच्या पोचपावतीवरही तेच छापलंय. त्यांना दुसरा अर्थ कुठून ठाऊक असणार?

आणि मग तिला काशीराम आठवला, आणि ती स्टुलावर बसली.

अप्पांच्या बोटीवरचा खलाशी काशीराम. दर सुट्टीत अप्पा घरी आले की जेवताना त्याची गोष्ट व्हायची: काशीराम प्रत्येक बंदरात उतरून पोस्टाची पेटी शोधायचा आणि पत्र न टाकताच परत यायचा, काशीराम वादळात चपला छातीशी धरून झोपायचा. "एकेक सॅम्पल भेटतं गो बोटीवर," अप्पा सांगायचे, आणि आई पदर तोंडाला लावून हसायची. सॅम्पल म्हणजे काय, हे तिनं तिसरी-चौथीत त्यांनाच विचारलं होतं. त्यांनी घास खाली ठेवून नीट समजावलं होतं — म्हणजे असा माणूस, की ज्याला बघून आपल्याला वाटतं, बरं झालं आपण तसे नाय. दोन अर्थांतला हा अर्थ तिनं त्यांच्याकडूनच घेतला होता. वापरला तोही त्यांच्यावरच.

"त्या मोठ्या आवाजाच्या काकांचं काय झालं?" शुभंकर दारातून डोकावला. "मस्त माणूस वाटला. जाताना मलाही नमस्कार केला त्यांनी."

हीच वेळ होती. ते माझे वडील. एवढं वाक्य, तीन शब्दांचं... त्याला वाईट वाटलं असतं, तो खजील झाला असता, पण तो चांगला मुलगा होता, त्यानं निभावून नेलं असतं. तिचे वडील मर्चंट नेव्हीत होते हे तर त्याला ठाऊकच होतं. तिनं पहिल्याच आठवड्यात सांगितलं होतं, आणि ते खोटं नव्हतं. फक्त निवडून सांगितलं होतं. इंजिनरूम, ऑइलमन, बहिरा कान, हे पोत्यातच ठेवलं होतं.

"माल चांगला आहे," ती म्हणाली. "पण निवडलेला आहे. पुन्हा मागवावं लागेल."

"मागवा की," तो म्हणाला आणि गेला.

पाच वाजता आईचा फोन आला. दर्शना मागच्या जिन्यात जाऊन उभी राहिली.

"पोचले गो हे," आई म्हणाली. "जेवले, आता पडवीत बसून सगळ्यांस्नी सांगतायत, कंपनी किती थंडगार, आणि दर्शना सायबाला काय बोलली म्हायत हाय? बोलली, सॅम्पल आलंय. आपल्या सोलांना सायबासमोर सॅम्पल बोलली म्हणतात. चार वेळा सांगून झालं."

"असं म्हणाले?"

"नायतर काय. तोंड बघायला हवं हुतंस त्यांचं."

म्हणजे ऐकलं होतं. आणि ऐकून त्यातला बरा अर्थ तेवढा उचलला होता. दर्शनानं भिंतीला पाठ टेकली. सुटले, असं तिला वाटलं — लाज वाटावी इतकं सुटल्यासारखं वाटलं, आणि या सुटकेची लाज आपण उद्या बघू असंही वाटलं. काशीराम आठवत होता, पण तो तिनं बाजूला सारला. वीस वर्षांपूर्वीचा जेवतानाचा शब्द कुणाला लक्षात राहतो? माणूस ऐकतो त्यातलं त्याला हवं ते घरी नेतो. तिनं खाली येऊन शेरा लिहिला: प्रत उत्तम, नमुना पुन्हा मागवावा, आणि पर्स घेऊन निघाली.

गेटवर वॉचमन पाळी बदलायच्या गडबडीत होता. आल्यागेल्याची वही टेबलावर उघडी होती. ती बघायचं तिच्या मनातही नव्हतं; फक्त अप्पांचं अक्षर दुरूनही ओळखू यायचं, बोटीवरून येणाऱ्या पत्रांमधलं, प्रत्येक अक्षराला वेगळी रेघ मारलेलं.

नाव: हरिश्चंद्र. गाव: पूर्णगड. कुणाला भेटायचं: दर्शना मॅडम. काम: सॅम्पल. वेळ: अकरा पंधरा.

"ते बाबा ना?" वॉचमन म्हणाला. "भला माणूस. मी विचारलं, मॅडम ओळखीच्या आहेत का, आत फोन करतो. तर म्हणाले, नाय नाय, ओळख कसली, माल द्यायचाय फक्त. मॅडम कामात असतील तर बोलवू नका, पिशवी तेवढी पोचवा."

अकरा पंधरा. तिनं तो शब्द उच्चारला तो साडेअकराला.

ती गेटबाहेर आली. रिक्षा थांबली होती, तिनं तिला हात केला नाही. म्हणजे ते इथवर येतानाच ठरवून आले होते. एसटीत, पावस गावच्या थांब्यावर, मांडीवर पिशवी धरून त्यांनी केव्हातरी ठरवलं होतं, की आत गेल्यावर आपण तिचे कुणी नाही; मॅडम म्हणायचं, हळू बोलायचं, उठून उभं राहायचं. सोलं निवडली तसं त्यांनी स्वतःलाही निवडून बाजूला ठेवलं होतं, की परक्याच्या हातात द्यायचं ते चांगलं तेवढंच जावं. आणि परकी कोण, तर मी.

फोन तिनं कधी लावला ते तिला आठवेना. पलीकडून नेहमीचा, घर भरून टाकणारा आवाज आला.

"बोल गो बाय! पास झालं काय सॅम्पल?"

"अप्पा," ती म्हणाली, "वॉचमनला तुम्ही ओळख नाही असं का सांगितलंत?"

पलीकडून पुन्हा तसाच मोठा आवाज. "अगो, कंपनीचं काम. ओळखीनं माल दिला म्हणतील, तुला कशाला बोल? आमच्यासाठी तुझं तिथलं काय बिघडायला नको."

"मी म्हणाले होते का तसं? कधी?"

"तू कशाला बोलशील?" अप्पा म्हणाले. ते हसत होते, किंवा हसल्यासारखं बोलत होते. "कळतं ना आपल्याला."

सकाळपासून ती एकाच गोष्टीची आस धरून होती, की त्यांनी ऐकलेलं नसावं. आता तिला वाटलं, ऐकलेलं असावं, नीट, दोन्ही कानांनी, आणि तेच त्यांना पहिल्यांदा लागलेलं असावं. एका शब्दाची माफी मागता येते. पण कळतं ना आपल्याला... हे त्यांना कधीपासून कळत होतं — लग्नाच्या पंगतीत, कॉलेजच्या फाटकाशी, की त्याच्याही आधी — आणि माफी मागायची तर कुठल्या दिवसापासून सुरुवात करायची, हे तिला सापडेना. फोन कानाशी धरून ती रस्त्याच्या कडेनं चालत राहिली, आणि अप्पा तिला सांगत राहिले, की पुढच्या खेपेला ते येणार नाहीत, एसटीच्या कंडक्टरकडे पिशवी देतील.