पाय कापलेल्या खुर्चीची डोली

मित्रांनो, मी एक जुनी खुर्ची आहे असं सांगितलं, तर तुम्ही आधी माझे पाय शोधाल. शोधू नका. ते तेरा वर्षांपूर्वी करवतीनं कापले आणि त्याच संध्याकाळी चुलीत गेले. दुखलं का, असं पोरं विचारतात. नाही दुखलं. तेव्हापासून मला फारसं काही वाटतच नाही, आणि खरं सांगू का, त्यात माझं बरं चाललंय.

माझा जन्म किन्हवलीच्या एका सुताराकडचा. शिवणीचं लाकूड, दोन्ही बाजूंना हात, रुंद पाठ. मी घडले ती एका शाळेच्या मुख्याध्यापकांसाठी. तेव्हाचा माझा तोरा काय विचारता. तालुक्याहून साहेब यायचे म्हटलं की आदल्या दिवशी मला खोबरेल लावून पुसायचे. मग प्लास्टिकच्या खुर्च्या आल्या, एकीवर एक चढून बसणाऱ्या, आणि मी खिचडीच्या तांदळाच्या पोत्यांमागं गेले. उंदरीण माझ्याखाली दोनदा व्याली. त्याबद्दलही माझी तक्रार नाही.

शाळेनं जुनं सामान बाहेर काढलं तेव्हा कुंडलिक आणि जैतू या दोघा चुलत भावांनी मला उचलून नेलं. वैशाखरे गावाच्या पुढे, माळशेजच्या रस्त्यावरून आत वळलं की आमचा डोंगर लागतो. त्याच्या माथ्याखाली कातळात कोरलेली जुनी बुद्धलेणी आहेत. कल्याण, अंबरनाथकडची बौद्ध मंडळी बस करून येतात, सकाळी चढतात, लेण्यातल्या स्तूपापुढे वंदना करतात आणि खाली येऊन जेवून दिवसाउजेडी परत जातात. म्हाताऱ्या माणसांना त्या पायऱ्या झेपत नाहीत. त्यांच्यासाठी हे दोघे भाऊ डोली चालवायचे. पायऱ्यांना आपटू नये म्हणून माझे पाय कापले, मला दोरांनी एका जाड बांबूला टांगलं, खाली तळवे टेकवायला फळी बांधली. झाले मी डोली.

डोली उचलणं हे नुसतं ताकदीचं काम नाही. पुढच्याला वाट दिसते. मागच्याच्या डोळ्यांपुढे माझी पाठ असते, त्याला स्वतःचा पायसुद्धा दिसत नाही. म्हणून पुढच्यानं पावलापावलाला हाक द्यायची. “पायरी.” “धोंडा.” “ओलं.” मागच्यानं “आलो” म्हणायचं. बारा वर्षं पुढे जैतू होता, आणि त्याला नुसती हाक कधी जमली नाही. “पायरी रे, मोठी हाय, सायबावानी,” असं म्हणायचा. बसलेल्या म्हाताऱ्यांना विचारायचा, “बाबा, काल काय जेवलात? माझा खांदा इचारतोय.” ती माणसं हसत. हसलेलं माणूस हलकं लागतं, असं त्याचं म्हणणं होतं. मला कधी फरक जाणवला नाही.

गेल्या वर्षी भात कापणीला आलं तेव्हा जैतू तापानं गेला. पाच दिवसांत आटोपलं सगळं. कुंडलिकनं मला विहिरीजवळच्या गोठ्याच्या भिंतीला टांगलं, आणि कोंबड्या माझ्या हातांवर बसून झोपू लागल्या.

यंदाच्या माघ पौर्णिमेला कल्याणची बस आली. दरवर्षी येते. संजीवनीताई नावाच्या निवृत्त शिक्षिका ही सहल काढतात, आणि वाट दाखवायला आमच्या गावची रुचिता असते. ती मुरबाडच्या कॉलेजात शिकते, गळ्यात शिट्टी घालते, लेण्यांची माहिती तिला तोंडपाठ आहे. डोंगराच्या पायथ्याला, विहिरीपाशी तिनं माणसं मोजली. “त्रेचाळीस वर,” ती म्हणाली, “आणि सकुबाई खाली.” शिट्टी वाजली, पांढरी लुगडी आणि पांढरे सदरे झाडीत शिरले.

सकुबाई त्या सहलीतल्याच. पण तीस वर्षं त्यांची सहल म्हणजे विहिरीजवळची तीन धोंड्यांची चूल. बाकीचे वर जायचे, त्या खाली मसालेभात आणि पौर्णिमेची खीर रांधायच्या. सगळे उतरले की पंगत वाढायच्या. वरचं लेणं त्यांनी एकदाही पाहिलं नव्हतं. आधी त्यांना कोणी चला म्हटलं नाही, नंतर गुडघे गेले. आता पुढच्या महिन्यात लेक त्यांना कायमचं सुरतेला नेणार होता. म्हणजे इथं येणं हे शेवटचं.

त्या दिवशी त्यांनी भात मोठ्या घाईनं उरकला, खीर उतरवली, झाकणावर धोंडा ठेवला आणि सरपण घेऊन आलेल्या कुंडलिकला विचारलं, “दादा, ती डोली हाय का अजून?”

“हाय. पण पुढं धरायला माणूस नाय, मावशी.”

“मग ऱ्हाऊ द्या,” सकुबाई म्हणाल्या, पण चुलीकडे वळल्या नाहीत. “मला एकदा बघायचं होतं. वर जाऊन काय वाटंल ते ठाऊक नाय. काय वाटणारबी नाय कदाचित. पण न बघता गेले तर गेलेच.”

शेजारी एक बाई हंडा उतरवत होती. ती रखमी, जैतूची बायको. स्वयंपाकाला पाणी आणून द्यायचं काम तिच्याकडे होतं. नवरा गेल्यापासून ती रडली नव्हती आणि कामापुरतंसुद्धा बोलत नव्हती. गावातल्या बाया म्हणायच्या, रखमी बधिर झाली. ती हंड्याकडे बघतच म्हणाली, “मी धरते.”

“वैनी, तुमी नको.”

“गवताचा भारा याच्याहून जड असतो, भावजी.”

कुंडलिकनं मला भिंतीवरून उतरवलं. त्यानं माझ्यावरची कोंबड्यांची घाण धुतली, दोर ताणून पाहिले, आणि सकुबाई अंग चोरून माझ्यात बसल्या. वजन म्हणून काहीच नव्हतं त्यांचं. रखमीनं बांबू खांद्यावर घेतला तो असा, की जणू रोजचंच काम.

आम्ही निघालो, आणि विसाव्या पायरीलाच कुंडलिक मुळाला अडखळला. मी कातळाला आपटले, सकुबाईंचं कोपर खरचटलं. रखमीनं हाक दिलीच नव्हती.

“वैनी, सांगा हो. मला दिसत नाय.”

रखमी तशीच पुढं चढत राहिली. पुढच्या वळणावर पुन्हा तेच झालं, या वेळी कुंडलिकचा अंगठा फुटला. त्यानं मला खाली टेकवलं. “असं नाय जमायचं. मावशी पडतील.”

रखमी पाठ वळवून उभी होती. “तोंडातून निघत नाय, भावजी,” ती म्हणाली. “ते त्यांचं होतं.”

मला वाटलं, संपली सहल. घरी जाऊ, कोंबड्या वाट बघत असतील. सकुबाई कोपर फुंकत म्हणाल्या, “उचला. मला दिसतंय पुढचं. मी सांगते.”

आणि सांगू लागल्या की. पण त्यांची हाक पंगतीतली. “पुढं चल. हां. पुढं. थांब, इथं मोठी हाय. जरा वर. अजून थोडं. बास.” तीस वर्षं पंगतीत ओरडून त्यांचा गळा तयार होता. कुंडलिक मागून “आलो, आलो” म्हणत राहिला. अशा तऱ्हेनं आम्ही दोनशे पायऱ्या चढलो. मित्रांनो, बसलेल्या माणसानं डोली चालवल्याचं मी तरी दुसरीकडे पाहिलेलं नाही.

लेण्याच्या अलीकडे मात्र कड्याचं वळण आहे. एका अंगाला दरी, पायऱ्या झिजून उतरत्या झालेल्या. वळण इतकं आखूड आहे की बांबू फिरवताना बसणाऱ्याचं तोंड कातळाला लागतं. तिथं सकुबाई म्हणाल्या, “आता मला भिंतच दिसते रे बाबा.” कुंडलिकचा एक पाय हवेत होता. त्याला मी दिसत होते, फक्त मी. पाय टेकला असता तर दरीच्या बाजूला टेकला असता, आणि सकुबाईंसकट आम्ही सगळे गेलो असतो. मी खोटं सांगत नाही, भीती वाटली असती तर इथं वाटायला हवी होती. वाटली नाही. मी फक्त थांबले.

“थांबा,” रखमी म्हणाली.

कुंडलिक थांबला.

“पाय उजवीकडं घ्या. अजून. टेका आता. पुढं पायरी हाय. वाळू हाय तिच्यावर. दुसरी पायरी.”

“आलो,” कुंडलिक म्हणाला. त्याचा आवाज जरा फाटला होता. रखमीचा नाही. बाजाराची यादी वाचावी तसं तिनं सांगितलं, एकामागून एक, वळण संपेपर्यंत. थट्टा नाही, ‘सायबावानी’ नाही. पण पाऊल बरोबर पडलं.

लेण्याच्या दारात आम्ही पोचलो तेव्हा मंडळी बाहेर पडत होती. वंदना झाली होती, रुचिताची माहिती सांगून झाली होती. संजीवनीताई सकुबाईंना बघून दचकल्या. वाईट नाहीत त्या, पण घड्याळावर चालणाऱ्या. “अहो सकुबाई, तुम्ही इथं? वर आलात, छान झालं. पण आता लगेच उतरू या. दीड वाजला. त्रेचाळीस माणसं उपाशी आहेत, वाढणार कोण?”

सकुबाई माझ्यातून उतरल्या. माझ्या हाताला धरून उभ्या राहिल्या. मला वाटलं, आता ‘बरं ताई’ म्हणतील आणि पुन्हा बसतील. तीस वर्षं तेच म्हणत आल्या होत्या.

“आज तुमचं तुमी वाढून घ्या,” त्या म्हणाल्या.

रागानं नव्हे. भाताला मीठ घाला म्हणावं, तसं. संजीवनीताईंनी पुन्हा घड्याळ पाहिलं. रुचितानं शिट्टी वाजवून मंडळी खाली नेली. ती जाताना सकुबाईंच्या हातात मेणबत्ती आणि काडेपेटी देऊन गेली.

दारात रखमी आणि कुंडलिक बसले. डोलीवाले दारात बसतात, ही इथली रीत. कोणी घातलेली नाही, पडलेली आहे. जैतूही बारा वर्षं तिथंच बसून तंबाखू मळायचा.

“तुझा मालक कधी आत गेला व्हता का गो?” सकुबाईंनी रखमीला विचारलं.

“नाय. माणसं आत जायची, ते इथं.”

“आणि तू?”

“मी वरच पयल्यांदा आले.”

“मग चल की आत. मला एकटीला काय कळणार हाय.” मग कुंडलिककडे वळून, “तुमीबी या, दादा.”

“डोलीपाशी थांबावं लागतं, मावशी.”

“डोलीला कोण नेतंय?”

तिघांनी चपला काढल्या आणि ते आत गेले. मी बाहेर राहिले. आत काय झालं ते मला माहीत नाही, म्हणून सांगत नाही. आधी सकुबाईंचा वंदनेचा आवाज ऐकू आला. मग काडी ओढल्याचा आवाज. बाहेर आले तेव्हा कोणाचेही डोळे ओले नव्हते. रखमी चप्पल घालता घालता म्हणाली, “आत गार हाय.” जैतू गेल्यापासून तिनं कोणी न विचारता, कामाशिवाय बोललेलं ते पहिलं वाक्य. सकुबाई म्हणाल्या, “हो, गार हाय.” एवढंच.

उतरताना हाका रखमीनं दिल्या. खाली पोचलो तर खीर संपली होती. तिघांनी एका परातीत मसालेभात खाल्ला, त्याला करपट वास लागला होता. बस गेली, आणि पुढच्या महिन्यात सकुबाईही सुरतेला गेल्या.

तर मित्रांनो, आत्मवृत्ताच्या शेवटी आम्ही वस्तू तुमच्याकडे काही ना काही मागतो. मला तेल नको, पाय तर मुळीच नको. पण तुम्ही कुठल्या लेण्याला, देवळाला, गडावर जाल, तेव्हा आतलं सगळं बघून झाल्यावर दाराकडे बघा. तुम्हाला वर आणणारा कोणी तिथं बसलेला असेल, तुमचं जेवण रांधणारी कोणी खाली राहिलेली असेल. त्यांना पाणी विचारू नका, पाणी सगळेच विचारतात. आत बोलवा.

मला नाही बोलावलं तरी चालेल. मी लाकूड आहे.