भांडं रिकामं जात नाही

तोकुजीनं कोपरानं घंटी दाबली, कारण त्याच्या दोन्ही हातांत वाडगं होतं. वाडग्यात मुळा आणि डुकराच्या मांसाचा रस्सा होता. वर झाकण, झाकणावर घडी घातलेला रुमाल. आत पावलं वाजली, साखळी निघाली आणि दार वीतभर उघडलं.

"पुन्हा?" नेगिशीबाई म्हणाल्या.

"पुन्हा जास्त झालं."

"तीन महिने झाले सुमिएला जाऊन. अजून दोघांचंच शिजवता?"

"हात ऐकत नाही."

"मग हाताला सांगा, शेजारीण अठ्ठ्याहत्तरची आहे. तिच्या पोटात मुळ्याचं अख्खं शेत मावत नाही." असं म्हणत त्यांनी वाडगं दोन्ही हातांनी घेतलं आणि ते छातीशी धरून क्षणभर तशाच उभ्या राहिल्या. "थांबा हं."

त्या आत जाऊन कालचं वाडगं घेऊन आल्या. धुऊन, पुसून, आत कागदात गुंडाळलेला बांगडा माशाचा हवाबंद डबा आणि दोन संत्री.

"हे कशाला, बाई?"

"भांडं रिकामं जातं का कुठं? सुमिए असती तर तुमचा कान धरला असता तिनं."

दार लागलं. तोकुजी चार पावलं चालून आपल्या दारात आला. चौथ्या मजल्यावर ही दोनच घरं होती, समोरासमोर. वीस वर्षं ही वाडगी या दारातून त्या दारात जात होती, पण ती बायकांची गोष्ट होती. तोकुजी पोलादाच्या कारखान्यात क्रेन चालवायचा. घरी आला की जे समोर येई ते खाई. त्याची बायको सुमिए आजारी पडली तेव्हा तिनं स्वयंपाकघरात खुर्चीवर बसून त्याला तीन पदार्थ शिकवले. पाणी इतकं, सोयासॉस इतका, मुळा इतका. सगळी मापं दोघांची. निम्मं कसं करायचं ते तिनं सांगितलं नव्हतं.

त्यानं बांगड्याचा डबा कपाटात ठेवला. आता असे सात झाले होते. त्याला मासे फारसे आवडत नसत, पण डबे बघून बरं वाटे. बाईंचं बरं चाललंय, असं त्याच्या मनात येई. मग तो दुसऱ्या दिवशी मुळा थोडा जास्तच चिरी.

सुमिएची महिन्याची तिथी सतरा तारखेला असायची. जानेवारीच्या सतराला तो बसनं देवळात गेला. अस्थी ठेवल्या होत्या तिथं उदबत्ती लावली, थोडा वेळ बसला आणि निघाला. बाहेर अंगणात सभागृहाच्या दारापासून फाटकापर्यंत माणसं उभी होती. बहुतेक म्हातारी, दोन-तीन तरुण आया लेकरांसकट. कुणी कुणाशी बोलत नव्हतं. त्याला फाटकाकडे जायचं होतं, म्हणून तो रांगेच्या कडेकडेनं चालला.

"आजोबा, लाजू नका, घ्या," हिरवा एप्रन घातलेली एक मुलगी म्हणाली आणि तिनं त्याच्या हातात पिशवी दिली. "तांदूळ तळाशी आहे हं. जड लागेल."

"मी नाही..."

"सगळे असंच म्हणतात." ती हसली आणि पुढच्याकडे वळली.

तोकुजीनं पिशवीत पाहिलं. तांदळाचं पाकीट. चहा. तांदळाची बिस्किटं. दोन संत्री. बांगड्याचा डबा, त्यावर निळी चिठ्ठी: विक्रीसाठी नाही. त्याच्या कपाटातल्या सातही डब्यांवर ही चिठ्ठी होती. त्याला वाटलं होतं, दुकानात काहीतरी योजना असेल.

त्यानं मान वर केली. सहा माणसं सोडून, राखाडी कोट घातलेल्या, तोंडावर मास्क लावलेल्या नेगिशीबाई त्याच्याकडे बघत होत्या.

मास्कवरचे त्यांचे डोळे आधी मोठे झाले. मग त्यांची नजर त्याच्या हातातल्या पिशवीवर गेली आणि तिथंच थांबली. हळूहळू त्यांचे खांदे खाली आले. घरात कुणी परकं नाही हे कळल्यावर माणूस सैल बसतो तसे.

तोकुजीच्या तोंडात शब्द होता. पिशवी परत द्यायची, हसायचं, मी तिथीला आलो होतो म्हणायचं. पण तसं म्हटलं तर रांगेत त्या एकट्याच उरल्या असत्या. त्यानं मान लववली. त्यांनीही लववली.

परतीच्या बसमध्ये त्या त्याच्या शेजारी बसल्या. मांडीवर पिशवी, पिशवीवर हात. इतकी वर्षं समोर राहून दोघं कधी शेजारी बसली नव्हती.

"कधीपासून?" त्यांनी विचारलं.

"आज पहिल्यांदा," तो म्हणाला. हे खोटं नव्हतं.

"पहिल्यांदा पाय उचलत नाहीत. मी तर फाटकावरून दोनदा माघारी गेले होते." त्या हसल्या. "आपल्या वसाहतीतही मिळतं, पण तिथं इगाराशीबाई वाटायला असतात. त्यांच्या हातून घेण्यापेक्षा उपास बरा. संध्याकाळपर्यंत पाचव्या मजल्याला कळेल."

"पाचव्याला कशाला, गच्चीवरच्या कावळ्यांनाही कळेल."

त्या तोंडावर हात ठेवून हसल्या. मग आवाज खाली घेऊन, जणू एखादी जुनी कामगारीण नवख्याला सांगते तसं सांगू लागल्या. "मुळ्याची साल टाकत नाही ना? टाकू नका. भात दोनदाच करायचा, सकाळी दहाला आणि संध्याकाळी पाचला. पाणी जास्त घालून पेज केली की भरल्यासारखं वाटतं. मग लगेच झोपायचं. झोपलं की गॅस नको, दिवा नको, भूक नको. मधे लागली तर कोमट पाणी. घोट बारीक घ्यायचे."

"तुमचं पेन्शन?"

"भाडं, औषधं आणि हीटर. नंतर जे राहतं त्याला पेन्शन म्हणायचं का?"

"वॉर्डच्या कचेरीत मदतीसाठी अर्ज..."

"करू नका," त्या पटकन म्हणाल्या. "मी केला होता. ते भावाला पत्र पाठवतात. तुमच्या बहिणीला तुम्ही पोसू शकाल का म्हणून. माझा भाऊ एक्याऐंशीचा आहे, सुनेच्या घरात राहतो. पत्र सुनेनं उघडलं. मी दुसऱ्याच दिवशी अर्ज मागे घेतला. तुमच्या लेकीला असं पत्र गेलेलं तुम्हाला चालेल?"

तोकुजीचं त्याच्या पेन्शनमध्ये नीट भागत होतं. लेक दर महिन्याला फोन करून काही पाठवू का म्हणून विचारी आणि तो नको म्हणे.

"आणि तुम्ही," बाई म्हणाल्या, "असं असताना मला मांस घालून देत होतात."

दुसऱ्या दिवशी तोकुजीनं वाडगं नेलं तेव्हा बाईंनी दार उघडलं, पण हात पुढे केला नाही.

"आता एकमेकांचं कळलंय ना? मग आता पुरे. स्वतः खा."

"बाई, मी खाऊन आलोय."

"मीही आत्ताच खाल्लं." आणि दोघं उंबऱ्याच्या दोन बाजूंना खाऊन आलेली माणसं म्हणून उभी राहिली. मधल्या वाडग्यातून वाफ निघत होती.

संध्याकाळी त्याच्या दाराच्या मुठीला पिशवी होती. आत निम्मे तांदूळ, एका बाजूनं मुरगळून रबर लावलेले. तीन बिस्किटं. एक संत्रं. त्यानं त्यात स्वतःकडची अंडी आणि टोफू घालून ती पिशवी त्यांच्या दाराला लावली. सकाळी ती परत त्याच्या दाराला होती, अंडी आणि टोफू जसेच्या तसे, आणि वर दुसरं संत्रं.

त्यानं खरं सांगायचं ठरवलं. सुमिएच्या तसबिरीसमोर बसून त्यानं वाक्य जुळवलं. बाई, मला कमी नाही, त्या दिवशी मी रांगेत नव्हतो. इतकंच होतं. मग ते नेगिशीबाईंच्या कानांनी ऐकून बघितलं, आणि तो जागेवरून उठला नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. तिसऱ्या दिवशी त्याला वाटलं, आपण काहीच दिलं नाही तर त्यांनाही काही द्यावं लागणार नाही. निदान त्यांचं त्यांच्याकडे राहील. त्यानं वाडगं नेणं बंद केलं. दोन पेले तांदूळ शिजवायचा आणि उरलेला दुसऱ्या दिवशी खायचा.

त्यांच्या जिन्यात झाडण्याची पाळी होती. ज्याची पाळी, त्याच्या दाराला लाकडी पाटी. झाडून झालं की पाटी पुढच्या दाराला लावायची. नेगिशीबाईंची पाटी कधी दुपारपर्यंत राहिली नव्हती. फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यात ती सोमवारी होती, मंगळवारी होती. बुधवारी सकाळी तोकुजीनं ती पाहिली आणि घंटी दाबली. मग मुठीनं दार वाजवलं.

वसाहतीच्या माणसानं किल्लीनं दार उघडलं. बाई स्वयंपाकघराच्या दारात भिंतीला टेकून जमिनीवर बसल्या होत्या. डोळे उघडे होते.

"झाडायचं राहिलंय," त्या म्हणाल्या. "उठते आत्ता."

स्ट्रेचर उचलताना रुग्णवाहिकेतला मुलगा सोबत्याकडे बघून म्हणाला, "स्ट्रेचरवर कुणी आहे ना?"

इस्पितळात त्यांचं वजन चौतीस किलो भरलं. डॉक्टर तरुण होता. त्यानं तोकुजीला विचारलं, "तुम्ही घरचे?"

"समोरचा."

"कोणता आजार सापडत नाही. खाल्लेलं नाही, एवढंच." त्यानं हे इतक्या हळू सांगितलं की तोकुजीला त्याचीच दया आली.

शनिवारी दुपारी तोकुजी भेटायला गेला. नर्सनं पंधरा मिनिटं दिली. बाई उशीला टेकून बसल्या होत्या. एका हाताला सुई. समोर पलंगावरच्या टेबलावर ताट: मऊ भात, उकडलेला मासा, भोपळा, मिसो सूप, वाटीभर कुस्करलेलं सफरचंद. कशालाच हात लागला नव्हता.

"आलात," त्या म्हणाल्या आणि पडद्याकडे बघून आवाज खाली आणला. "तुमची वाट बघत होते. बसा. जेवा."

"हे तुमचं आहे."

"मला नळीतून येतंय की. बघा तरी, मासा किती जाड आहे. मी दहा वर्षांत असा घेतला नाही." त्यांनी चॉपस्टिक्सनं माशाचा तुकडा तोडला आणि सूपच्या वाटीच्या झाकणात ठेवून ते झाकण त्याच्याकडे सरकवलं. "गाल बघा तुमचे. कोण शिजवतं आता तुमच्यासाठी?"

"तुम्ही आधी घ्या."

"तुम्ही घ्या, मग मी."

त्यानं घेतला. त्यांनी भाताची चार शितं घेतली आणि बराच वेळ चावली. मग भोपळ्याची फोड झाकणात आली. त्यानं ती खाल्ली, त्यांनी पुन्हा चार शितं घेतली. दोनदा, तीनदा असं झालं. त्यानं झाकण खाली ठेवलं.

"बाई," तो म्हणाला. "माझ्याकडे आहे. कारखान्याचं पेन्शन आहे. घरात तांदूळ भरलेला आहे. तुमचे सात डबे तसेच पडून आहेत. त्या दिवशी देवळात... मी रांगेत नव्हतो."

नेगिशीबाईंनी त्याच्याकडे पाहिलं. त्यांच्या चेहऱ्यावर राग नव्हता, लाज नव्हती. त्या मायेनं हसल्या.

"मीही नव्हते," त्या म्हणाल्या. "मी पण दर्शनालाच गेले होते."

आणि त्यांनी माशाचा उरलेला तुकडा उचलला. तुकडा टेबलावरून त्याच्याकडे येताना हवेत हलत होता आणि आता पडेल असं वाटत होतं. तोकुजीनं झाकण पुढे केलं. तुकडा झाकणात पडल्यावर त्यांनी सुटकेचा श्वास सोडला, मोठं काम झाल्यासारखा. त्याला तो परत ठेवता आला नाही. त्यानं खाल्ला. मग भातही त्यांनी त्याच्याकडे वळवला आणि तो खात असताना त्या त्याच्या जबड्याकडे बघत राहिल्या. भोपळा, सूप आणि शेवटी सफरचंदाची वाटीही त्यांनी त्याच्यापुढे सरकवली. चमच्याचा आवाज येऊ नये म्हणून त्यानं वाटी हातात धरली.

पडदा सरकला. नर्स हातात तक्ता घेऊन आत आली आणि थांबली.

"अरे वा! सगळं?"

"सगळं," नेगिशीबाई म्हणाल्या.

"तीन दिवस दोन घासही खात नव्हत्या, आजोबा. आज बघा." तिनं तक्त्यावर लिहिलं. "भात, पूर्ण. बाकीचं, पूर्ण. असंच चाललं तर गुरुवारी घरी सोडतील." तिनं ताट उचललं. "तुम्ही आलात की खातात, आजी. आजोबा, रोज येत जा हं या वेळेला. येणार ना?"

तोकुजीचं तोंड भरलेलं होतं. सफरचंद गोड होतं.

"येतील की," नेगिशीबाई म्हणाल्या. "मी सांगते ना. रोज येतील ते."